रायेतल्या सातविणी आणि सैन्याची खोकी

सातविणीच्या बुंध्यावर लाल फुली होती. ऑइलपेंटची. बोट लावलं तर रंग बोटाला आला, म्हणजे सकाळीच मारलेली. पुढच्या सातविणीवरही फुली, तिच्या पुढच्याही. राय सगळी फिरून आले तेव्हा सात झाडं मोजली होती.

आमच्या धंद्यात बुंध्यावरच्या फुलीचा अर्थ एकच असतो. हे झाड पडणार.

ही राय डिचोलीहून आमोण्याकडे जाणाऱ्या रस्त्याच्या आतल्या अंगाला आहे. राय म्हणजे देवाच्या नावाने राखलेलं रान. इथली पडलेली काटकीसुद्धा कोणी घरी नेत नाही. भोवतालचे डोंगर खाणींनी खरवडून नेले, मध्ये ही राय तशीच उभी राहिली. तिच्यात फुल्या मारायची हिंमत कोणाची झाली, हा माझा पहिला प्रश्न होता. दुसरा प्रश्न, त्याच्याविरुद्ध पत्रक किती कडक लिहायचं.

मी पेडण्याची. दापोलीला फॉरेस्ट्री शिकले आणि म्हापशातल्या एका छोट्या संस्थेत फील्ड ऑफिसर म्हणून लागले. काम दोन प्रकारचं. झाडं मोजायची आणि पत्रकं लिहायची. मोजताना मी शांत असते.

मला इथे घाडीमामांच्या बायकोने बोलावलं होतं. घाडी म्हणजे देवळात गावातर्फे देवाकडे गाऱ्हाणं घालणारा माणूस. रायेच्या सर्व्हेच्या वेळी मी आठवडाभर त्यांच्याकडे जेवले होते, तेव्हापासून त्यांना मामा आणि तिला मामी म्हणते. मामी फोनवर एवढंच म्हणाली, "बाय, तू ये. हे कोणाचां ऐकनत नाय."

मामा अंगणात बसले होते. समोर मोबाईल पालथा ठेवलेला.

"मामा, फुल्या कोणी मारल्या?"

"गिरणीवाल्या बाबलशेटच्या माणसांनी. पण गावान सांगलां म्हणान मारल्यो."

"गावाने? रायेत?"

"सैन्याक खोकी व्हयी आसत," मामा म्हणाले. "दारूगोळो भरूची. लाकूड नाय. शेट इलो, बोलालो, देशाचां काम असा. दहा मिन्टांत सगळे तयार जाले."

"आणि तुम्ही?"

मामांनी मोबाईल उचलून परत पालथा ठेवला. "माझो झील थंय उभो असा. आणि मी हंय झाडां राखत बसू?"

त्यांचा मुलगा महेश सैन्यात आहे. त्या दिवसांत उत्तरेकडच्या सीमेवर गोळीबार सुरू झाला होता आणि तो जिथे होता तिथून फोन येणं बंद झालं होतं. टीव्हीवर पुण्या-दिल्लीतली मंडळी नकाशापुढे उभी राहून युद्ध जिंकत होती. मामीने टीव्ही बंद करून ठेवला होता.

आता फक्त देवाचा कौल घेणं बाकी होतं. तो आमच्याकडे असा घेतात: फुलांच्या पाकळ्या ओल्या करून मूर्तीला डावी-उजवीकडे चिकटवतात, घाडी देवाला प्रश्न विचारतो, उजवी पाकळी आधी पडली तर होकार. एकदा होकार आला की विषय संपला. मग कलेक्टर येवो नाहीतर कोर्ट, गाव मागे हटत नाही. कौल येता सोमवार सोडून त्याच्या पुढच्या सोमवारी लावायचा ठरला होता.

मी अनंत सरांना फोन केला. सर म्हणजे आमच्या संस्थेचे प्रमुख. मी बाइकवर बसल्या बसल्या मथळासुद्धा ठरवला होता.

"सर, देशभक्तीच्या नावाखाली देवराईवर दरोडा. उद्याच छापू. शुक्रवार आहे, म्हापशाच्या बाजारात वाटू."

"बाबलशेटच्या गिरणीत जाऊन आलीस?"

"कशाला? दिसतंय ना सगळं."

"काय दिसतंय?"

"सात फुल्या."

"फुल्या कोणी मारल्या ते दिसतंय. का मारल्या ते दिसत नाही," सर म्हणाले. "आधी गिरणी बघ. आणि देवळासमोर आंदोलन वगैरे करू नकोस. तू बोंब मारलीस तर ते सोमवारपर्यंत थांबणार नाहीत, रागाच्या भरात उद्याच कौल लावतील."

मला ते पटलं नाही, पण पगार ते देतात.

बाबलशेटची लाकडाची गिरणी औद्योगिक वसाहतीच्या टोकाला आहे. एरवी लांबूनच करवतीची किंकाळी ऐकू येते. त्या दिवशी शुकशुकाट. दोडामार्ग आणि सावंतवाडीकडचे कामगार शेडमध्ये पत्ते खेळत होते. शेट स्वतः रिकाम्या ट्रॉलीवर बसले होते.

"ये गो. पत्रकवाली ना तू?" त्यांनी मला ओळखलं. "चोर लिहिणार की देशद्रोही?"

"ऑर्डर बघू दे, मग ठरवते."

मला वाटलं होतं, ते उडवून लावतील. त्यांनी ऑर्डर दाखवली, आणि शेजारच्या खोलीत नेऊन तयार खोकीही दाखवली. ऑर्डर खरी होती. माझ्या मथळ्याची तिथेच वाट लागली.

सैन्याला युद्धात लाकूड लागतं, हे मला पुस्तकातून माहीत होतं. महायुद्धांच्या काळात सह्याद्रीतला साग आणि ऐन रेल्वेच्या स्लीपरसाठी, पुलांसाठी गेला. त्याची बिलं कोणी जंगलाला चुकती केली नाहीत. पण मला वाटायचं, ते सगळं जुनं झालं. आता ड्रोनच्या जमान्यात लाकूड कोण विचारतो? तर दारूगोळा आजही लाकडी खोक्यात फिरतो. आत पत्र्याचा डबा असतो, बाहेर लाकूड. ट्रकमधून आपटत जातं, खेचरावर चढतं, कोणीतरी बर्फात फेकतं. प्लास्टिक थंडीत तडकतं, लोखंड जड पडतं. त्यामुळे लाकूड. तेही हलकं, गाठी नसलेलं, खिळा धरून ठेवणारं आणि मुख्य म्हणजे कोरडं. लाकूड ओलं असेल तर नंतर आकसतं, खिळे सैल होतात आणि आतला पत्रा गंजतो.

शेट ही खोकी परदेशातून येणाऱ्या पाइनची बनवायचे. आखातात दुसरी लढाई पेटलेली, त्यामुळे पाइनचं जहाज लांबचा वळसा घालून कुठल्या समुद्रात होतं, ते त्यांच्या एजंटलाही सांगता येत नव्हतं. देशातल्या मोठ्या गिरण्यांनी उरलेला माल आधीच उचलला होता.

"सातवीण पाइनसारखी हलकी," शेट म्हणाले. "सॅम्पल पास होतं. मी काय शोकेस बनवायला मागतो?"

"सातवीण कापल्यावर चार दिवसांत निळी पडते, शेट. बुरशी. या मे महिन्याच्या दमट हवेत तर नक्कीच. निळं लाकूड सैन्याचा इन्स्पेक्टर घेईल?"

"कापल्याबरोबर बोरॅक्सच्या पाण्यात बुडवीन. मग भट्टीत सुकवीन. बाकी काही?"

बाकी काही नव्हतं. ते लाकडात तीस वर्षं होते आणि मी वाद घालण्यात तीन.

"मगे तूच सांग," ते म्हणाले. "मऊ लाकूड, भरपूर, आठवड्यात. नुसतं नाही म्हणायला माझी पाच वर्षांची नात पण म्हणते."

मी निघाले. गेटपाशी येईपर्यंत मला उत्तर सुचलं होतं आणि ते मला अजिबात आवडलं नव्हतं.

रबर.

दोडामार्गच्या बाजूला केरळच्या लोकांनी डोंगरच्या डोंगर घेऊन रबर लावलं. त्यासाठी तिथलं मूळचं रान साफ केलं. याविरुद्ध मी जितकी पत्रकं लिहिली तितकी खाणींविरुद्धही लिहिलेली नाहीत. आणि मी लिहिलेलं खरं आहे, आजही. पण रबराचं झाड म्हातारं झालं की चीक देणं बंद करतं. मग ते तोडून नवीन लावतात. त्या म्हाताऱ्या झाडाचं लाकूड फिकट, सरळ आणि बऱ्यापैकी हलकं. केरळात त्याची खोकी बनतात. हे मला परीक्षेत आलं होतं.

दुसऱ्या दिवशी मी ज्या मळ्याच्या फाटकावर गेले, त्याच फाटकावर मागच्या वर्षी मी घोषणा दिल्या होत्या. मालक जोसेफभाऊ बाहेर आले. पंचवीस वर्षं इथे राहून त्यांचं मराठी स्वतःचंच एक झालं आहे.

"कागदवाली मॅडम," ते म्हणाले. "आज एकटी? लोक कुठे आणला नाही?"

"आज लाकूड बघायला आलेय."

"आमचा राक्षस झाड?"

'हिरवा राक्षस' हा माझाच शब्द. त्यांनी मला चहा पाजला. तेवढ्यात त्यांनी तो शब्द आणखी तीनदा वापरला. मग मागच्या शेडकडे घेऊन गेले. तिथे चिरलेल्या, औषध लावलेल्या, सुकवलेल्या फळ्यांच्या थप्प्या छतापर्यंत लागल्या होत्या. कोईमतूरला जाणारा ट्रक आला नव्हता, त्यामुळे माल पडून होता. मी मॉइश्चर मीटर फळीत खुपसला. हा मीटर म्हणजे दोन सुया असलेलं छोटं यंत्र, लाकडात पाणी किती ते सांगतं. आकडा ऑर्डरमध्ये बसत होता. वेगवेगळ्या थप्प्यांत खुपसून पाहिला, तोच.

इतका आनंद मला रबर बघून होईल असं कोणी सांगितलं असतं तर मी त्याच्याशी भांडले असते.

बाबलशेट टेम्पो घेऊन आले. दोघांनी माझ्यादेखत भाव ठरवला. मला मध्ये बोलू दिलं नाही.

पहिलं सॅम्पल खोकं मंगळवारी तयार झालं. ते पास व्हायला ड्रॉप टेस्ट असते. खोक्यात वाळूच्या पिशव्या भरून खऱ्या मालाइतकं वजन करतात आणि उचलून कोपऱ्यावर आपटतात. मांडवी नदीच्या पल्याडहून इन्स्पेक्टर आले, गंभीर चेहऱ्याने बाजूला उभे राहिले. खोकं पडलं आणि कोपऱ्याच्या फळीला खिळ्याच्या रेषेत उभी चीर गेली.

"रिजेक्ट," इन्स्पेक्टर म्हणाले.

शेटनी माझ्याकडे पाहिलं. "तुझा रबर."

"जोसेफभाऊंचा," मी म्हटलं.

"गुरुवारी येतो," इन्स्पेक्टर म्हणाले. "शेवटचं. नाहीतर ऑर्डर दुसरीकडे देतो, माझ्याही डोक्यावर माणसं आहेत."

दोष लाकडाचा नव्हता. रबर पाइनपेक्षा घट्ट. पाइनच्या सवयीने जाड खिळा कडेला ठोकला तर ते फाटणारच. शेटनी बारीक खिळे मागवले, ते कडेपासून आत घेतले आणि ठोकण्याआधी ड्रिलने भोक पाडायला लावलं. कामगार कुरकुरले, प्रत्येक खोक्याला वेळ दुप्पट. शेट म्हणाले, "पत्ते खेळण्यापेक्षा बरां."

गुरुवारी खोकं कोपऱ्यावर पडलं. मग दुसऱ्या कोपऱ्यावर. मग इन्स्पेक्टरनी स्वतः सांगून तळावर पाडलं. खोकं डुगडुगलं आणि स्थिर बसलं. त्यांनी प्रत्येक खिळ्यावरून अंगठा फिरवला.

"पास."

करवत सुरू झाली. ती किंकाळी मला पहिल्यांदाच गोड वाटली. मी तिथूनच अनंत सरांना फोन केला, "राय वाचली." सर म्हणाले, "घाडींना विचारलंस?"

विचारायचं काय त्यात? लाकूड मिळालं, झाडांची गरज संपली. मी बाइक काढली आणि थेट मामांकडे गेले. शेटही मागून गाडीने आले. त्यांनी स्वतःच्या तोंडाने सांगितलं, "मामा, माका झाडां नाका. भागलां माझां."

मामांनी शेटना बसायला पाट सरकवला.

"कौल लावचोच लागतलो," ते म्हणाले.

"कशाला?" माझा आवाज चढला. "लाकूड नकोच आहे तर कापायचं कशाला?"

"शेटीक नाका आसतीत. मी देवाक सांगून मोकळो झालंय. मनात. झील सुखरूप रवांदी, सात झाडां तुझ्या रायेतली देशाक देतंय, असां. आता फिरू कसो?"

त्या क्षणी माझ्याकडचं सगळं संपलं. मीटर, ड्रॉप टेस्ट, कायदा, काहीच लागू नव्हतं. ज्या माणसाचा मुलगा आठवडाभर फोन करत नाही, त्याला मी काय सांगणार, की नवस मोडा? आणि उद्या महेशला काही झालं तर? मामी आतून म्हणाली, "आता कळलां, मी कित्याक बोलावलेलंय तां?"

शुक्रवार-शनिवार गेले. रविवारी मी घरी पेडण्यात होते आणि आईने वाढलेलं काय खाल्लं ते आठवत नाही. सोमवारी सकाळीच गावात पोचले. सात सातविणी उभ्या होत्या, लाल फुल्या वाळलेल्या. देवळात लोक जमत होते. मामा धुतलेलं धोतर नेसून अंगणात उतरले आणि मोबाईल वाजला.

पालथाच होता. मामीने उचलला आणि स्पीकर लावला.

"आवशी, मी महेश."

मामी पायरीवर बसली. मामा उभेच.

गोळीबार थांबला होता. काल रात्रीपासून शांत होतं, महेश ठीक होता, थंडी होती, पायात मोजे दोन-दोन घातलेले. "बाबा खंय आसत?"

"हंय उभे आसत," मामी म्हणाली. "तुझ्यासाठी रायेतली झाडां देऊक चल्ले. खोक्यांक."

मग महेश म्हणाला, "कसली खोकी?"

मामांनी सांगितलं. तुटक तुटक, नवसासकट. आणि मग फोनमधून हसू आलं. आधी वाटलं लाइन बिघडली.

"बाबा, ती खोकी आमी रिकामी झाली काय फोडतंव. बसाक घेतंव, नायतर पेटवन चाय करतंव. कालची चाय पण खोक्यावरच झाली." मग जरा थांबून, "रायेतली सातवीण हंय चायेक जाळू नाकात हां. माका देव पुसतलो, तू प्यालंस मां?"

मामांनी आधी चेहरा घट्ट धरून ठेवला. मग तो सुटला. इतक्या दिवसांत मी त्यांना हसताना पाहिलं नव्हतं. हसता हसता ते धोतराच्या सोग्याने डोळे पुसायला लागले. मामी म्हणाली, "आता रडाक नाका, देवळात लोक थांबलेत."

कौल मात्र लावलाच. सांगितलेलं सांगितलं, त्याचा हिशोब देवाकडे व्हायलाच हवा, हे मामांचं म्हणणं. गाभाऱ्यात ओल्या पाकळ्या चिकटवल्या. मी खांबाजवळ उभी. कॉलेजात मी स्वतःला नास्तिक म्हणवून घ्यायची. मला भीती वेगळीच होती: देव बाजूला राहो, मामा काय प्रश्न विचारणार?

"बा देवा म्हाराजा," मामांनी सुरुवात केली.

"व्हय म्हाराजा," लोक म्हणाले.

"तुझ्या लेकरान तुका सात झाडां बोललेली. झील बरो आसा. लाकडाची गरज तूच भागवलंस. तर म्हाराजा, ती सात झाडां तुझ्या पायाशी उभीच वाहतंय. कोणी तेंका हात लावचो नाय. ही वाहणी तुका पावली आसात, तर उजवो दी."

पाकळ्या तशाच चिकटून राहिल्या. पंखा बंद केला होता. एक म्हातारी खोकली, सगळ्यांनी तिच्याकडे पाहिलं. मग उजवीकडची पाकळी कोपऱ्यातून सुटली, जरा लोंबकळली आणि पडली.

मी खाली बसले. बाबलशेट माझ्या शेजारी होते, ते कानात म्हणाले, "ही टेस्ट ड्रॉप टेस्टपेक्षा वायट."

सर्व्हेतल्या नोंदींनी मिळालं असतं त्यापेक्षा आज त्या झाडांना जास्त संरक्षण आहे. आता तिथे कुऱ्हाड लावायची म्हणजे देवाला वाहिलेलं परत घ्यायचं. आमच्या तीन वर्षांच्या अर्जांनी जे मिळालं नसतं, ते एका पाकळीने दिलं. हे मी अनंत सरांना कबूल केलं, तर ते म्हणाले, "पाकळीने? आणि ड्रिलची भोकं कोणी पाडली?"

फुल्या ऑइलपेंटच्या, त्या निघेनात. फुली दिसली की उद्या दुसरा कोणी ठेकेदार झाड ठरलेलंच समजायचा. म्हणून मी आणि मामीने बादलीभर चुना कालवून सातही बुंधे रंगवले.

पत्रक मी लिहिलंच. डोंगर साफ करून रबर लावण्याला माझा आजही विरोध आहे आणि पत्रकात तो आहे. शेवटी एक ओळ घातली की जे रबर म्हातारं झालंय ते कापा, लाकूड वापरा, रायेकडे बघू नका. सरांनी वाचून भुवई उचलली. "रबराच्या बाजूने लिहितेस?"

"म्हाताऱ्या रबराच्या," मी म्हटलं.

एक प्रत मी जोसेफभाऊंच्या फाटकावर नेऊन दिली. त्यांनी ती चष्मा लावून वाचली आणि विचारलं, "यात राक्षस कुठे लिहिला नाही?" मी म्हटलं, जागा पुरली नाही. त्यांनी चहा मागवला.